इकोमध्ये 'परसिस्टंट लेफ्ट एसव्हीसी' निघालं आहे, समजून घ्यायला मदत हवी

नमस्कार. धाकट्या भावाचा (वय ३४) इको नोकरीच्या नेहमीच्या तपासणीत झाला. त्याला कसलाच त्रास नाही, रोज पोहतो. बाकी रिपोर्ट नॉर्मल, पण शेवटी लिहिलंय: कोरोनरी सायनस (हृदयाच्या स्वतःच्या शिरांचं रक्त गोळा करणारी वाहिनी) रुंदावलेला, परसिस्टंट लेफ्ट सुपीरियर व्हेना कॅव्हाची शक्यता, डाव्या हातातून बबल टेस्ट करावी. कार्डिऑलॉजिस्टची वेळ पुढच्या आठवड्यातली आहे. आईने यातलं फक्त 'जन्मापासून दोष' एवढंच ऐकलंय, त्यामुळे घरात काय चाललं असेल ते वेगळं सांगायला नको.

मला वाचून कळलं ते असं. गर्भात सुरुवातीला डोकं आणि हातांकडचं रक्त हृदयाकडे आणणारी एकेक मोठी शीर दोन्ही बाजूंना असते. पुढे डावीकडचं रक्त एका आडव्या शिरेतून उजवीकडे वळतं आणि डावी शीर आक्रसून तिचा नुसता तंतू उरतो. काही जणांत ती आक्रसतच नाही, तीच ही परसिस्टंट लेफ्ट सुपीरियर व्हेना कॅव्हा, म्हणजे लेफ्ट एसव्हीसी. असे लोक हजारात तीन ते पाच असतात म्हणे. म्हणजे फार दुर्मिळही नाही.

आता प्रश्न. शीर जादा आहे म्हणजे हृदयावर जादा भार येतो का? ऑपरेशन लागतं का? बबल टेस्ट डाव्याच हातातून का? आणि तो लवकरच स्कूबा डायव्हिंगचा कोर्स करणार आहे, तो करू द्यावा का?

प्रतिसाद १
मी भूलतज्ज्ञ आहे. भावाला तपासलेलं नाही, तेव्हा हे सर्वसाधारण समजा.

भार वाढत नाही, कारण रक्त तेवढंच असतं, फक्त वाट वेगळी. खरा प्रश्न एकच: ही शीर उघडते कुठे? दहातल्या साधारण नऊ जणांत ती कोरोनरी सायनसमध्ये आणि तिथून उजव्या कर्णिकेत, म्हणजे हृदयाच्या वरच्या उजव्या कप्प्यात, जाते. अशुद्ध रक्त जिथे जायला हवं तिथेच पोचतं. जास्त रक्त वाहून सायनस रुंद होतो, बस. याला उपचार लागत नाहीत आणि बहुतेकांना आयुष्यभर पत्ताही लागत नाही.

उरलेल्या थोड्यांत ती डाव्या कर्णिकेत उघडते. ते प्रकरण वेगळं. काही अशुद्ध रक्त फुप्फुसांना वगळून थेट शरीरात जातं, ऑक्सिजन थोडा कमी दिसू शकतो. मुख्य धोका म्हणजे फुप्फुसं जी गाळणी म्हणून काम करतात ती चुकवून एखादी गुठळी किंवा हवेचा बुडबुडा मेंदूपर्यंत जाऊ शकतो. पक्षाघात, मेंदूत गळू, असं होऊ शकतं. तिथे शस्त्रक्रियेचा विचार होतो.

बबल टेस्टमध्ये घुसळलेलं सलाइन शिरेतून देतात, त्यातले सूक्ष्म बुडबुडे इकोवर चमकतात. डाव्या हातातून दिल्यावर ते आधी कोरोनरी सायनसमध्ये आणि मग उजव्या कर्णिकेत दिसले, तर निदान जवळजवळ पक्कं. लगेच डाव्या कर्णिकेत दिसले, तर पुढे सीटी किंवा एमआरआय. उजव्या हातातूनही करायला सांगा. तिथूनही बुडबुडे आधी सायनसमध्येच आले, तर उजवी महाशिराच नाही असा अर्थ होतो. काहींत असंही असतं.

डॉक्टरांना दोन गोष्टी विचाराच. सायनस रुंद होण्याची दुसरी कारणं, म्हणजे उजव्या कर्णिकेतला वाढलेला दाब किंवा भलतीकडे उघडणाऱ्या फुप्फुसाच्या शिरा, पाहिली का? आणि पडद्यातलं छिद्र वगैरे जोडीला काही आहे का? जन्मजात हृदयदोष असलेल्यांत ही शीर कितीतरी जास्त आढळते, म्हणून उलटही तपासतात. छातीत धडधड होत असेल तर तेही सांगा.

प्रतिसाद २
आमच्या बाळाच्या वेळी गर्भाच्या सोनोग्राफीत हेच निघालं होतं. हृदयाजवळ जिथे तीन रक्तवाहिन्या दिसायच्या तिथे चार दिसल्या. फीटल इको करून बाकी सगळं ठीक असल्याची खात्री केली, नंतर काहीच करावं लागलं नाही.

धागाकर्ती
दोघांचेही आभार. म्हणजे ती साधी निघाली तर फाइल बंद करून विसरून जायचं?

प्रतिसाद १
फाइल बंद करू नका! पुढे कधी पेसमेकर बसवायचा झाला किंवा मानेच्या डाव्या बाजूने सेंट्रल लाइन (हृदयाजवळच्या मोठ्या शिरेपर्यंत जाणारी नळी) घालायची झाली, तर वायर नेहमीच्या वाटेने जात नाही. एक्स-रेवर ती छातीच्या डावीकडून उतरताना दिसते आणि माहीत नसलेल्याला ती चुकून धमनीत गेली असं वाटतं. ओपन हार्ट सर्जरीत तर हृदय थांबवायचं औषध कधी कधी कोरोनरी सायनसमधून उलटं सोडतात. ही शीर उघडी असली तर ते औषध तिच्यातूनच निसटतं. म्हणून रिपोर्टची प्रत त्याच्या मोबाइलमध्येही ठेवा आणि कुठल्याही भुलेच्या आधी दाखवा.

डायव्हिंगचं मात्र टेस्ट होईपर्यंत थांबवा. पाण्यातून वर येताना शिरांमधल्या रक्तात वायूचे बुडबुडे होतात, एरवी ते फुप्फुसांत अडकून विरून जातात. शीर डाव्या कर्णिकेत उघडत असेल तर ते सरळ धमन्यांत जातील. नुसत्या पोहण्याला, त्रास नसेल तर, हरकत दिसत नाही.

धागाकर्ती
कोर्सची तारीख पुढे ढकलायला लावते. चिडेल, पण ऐकेल. टेस्ट झाली की इथेच कळवते.