मदत हवी आहे: निनो ३.४ आणि मान्सूनचा मेळ बसत नाही

ईआरएसएसटी या समुद्रपृष्ठ-तापमानाच्या माहितीसंचाच्या पाचव्या आवृत्तीतल्या मासिक तापमानावरून निनो ३.४ (विषुववृत्तालगतच्या पॅसिफिकातल्या एका चौकोनाचं तापमान सरासरीपेक्षा किती कमी-जास्त, ते विचलन) काढतोय. चौकोन ५° उत्तर ते ५° दक्षिण, १७०° ते १२०° पश्चिम. आधारकाळ (ज्याच्या सरासरीशी तुलना करायची तो) १९५१–८०. अलीकडच्या वर्षांत ला निना (तिथलं पाणी थंड होणं) फारच क्षीण दिसतो. शिवाय १९९७ मध्ये एल निनो (तेच पाणी तापणं) जबर, तरी देशात मान्सूनचा पाऊस सरासरीच्या १०२ टक्के. २००२ मध्ये एल निनो बराच सौम्य, तरी ८१ टक्केच. कुठे चुकतंय?

प्रतिसाद १
आधारकाळ जुना आहे. समुद्र मुळातच तापलाय, त्यामुळे आजचं प्रत्येक वर्ष त्या सरासरीपेक्षा उबदार ठरतं. अलीकडच्या वर्षांना १९९१–२०२० वापरा. वजाबाकी महिनावार करा: जुलैतून जुलैचीच सरासरी. मग तीन महिन्यांची सरकती सरासरी घ्या आणि ±०.५° ची पातळी सलग पाच वेळा टिकते का बघा. फाइलमध्ये रेखांश ०–३६० आहेत, म्हणून १९० ते २४० निवडा. उणे आकडे दिलेत तर चौकोन रिकामा येईल. पडताळा म्हणून नोव्हेंबर १९९७–जानेवारी १९९८ ची सरासरी काढा, ती २.४ च्या आसपास यायला हवी.

प्रतिसाद २
पावसाचा प्रश्न वेगळा आहे, त्यात तुमचं गणित चुकलेलं नाही. व्यापारी वारे मंदावले की गरम पाणी पूर्वेकडे सरकतं, ढगांचा पट्टाही त्याच्यामागे जातो आणि इकडे हवा खाली बसून पाऊस दबतो. पण गरम पाणी नेमकं कुठे साचलं याला फार महत्त्व आहे. २००२ मध्ये ते मध्य पॅसिफिकात होतं आणि तशा वेळी भारताला जास्त फटका बसतो. त्या जुलैत देशात पाऊस जेमतेम निम्मा झाला. १९९७ मध्ये तापमानवाढीचा जोर दक्षिण अमेरिकेच्या बाजूला होता. त्यातच सुमात्राजवळ आग्नेय वाऱ्यांनी खालचं थंड पाणी वर आणलं, पश्चिम हिंद महासागर तापला आणि आयओडी (हिंद महासागराच्या पश्चिम व पूर्व भागांतल्या तापमान-विचलनांचा फरक) धन झाला. एल निनोचा मार त्याने बराच सौम्य केला, असं मानलं जातं.

आयओडीसाठी ५०–७०° पूर्व, १०° दक्षिण–१०° उत्तर या चौकोनाच्या विचलनातून ९०–११०° पूर्व, १०° दक्षिण–विषुववृत्त इथलं वजा करा.

प्रश्नकर्ता
धन्यवाद! आता २०२०–२३ चा ला निना स्वच्छ दिसतोय. पण २०२३ मध्ये आयओडी धन असूनही ९४ टक्केच?

प्रतिसाद २
आयओडी उशिरा जोर धरू लागला. ऑगस्ट तोवर ३६ टक्के तुटीत गेला होता. म्हणून वर्षाची सरासरी लावू नका. जून ते सप्टेंबर प्रत्येक महिन्याचे दोन्ही निर्देशांक त्या-त्या महिन्याच्या पावसाशेजारी मांडा.