वंशसंहार, नरसंहार की वंशविच्छेद?

प्रश्न: नेदरलँड्समधल्या हेग शहरातल्या आंतरराष्ट्रीय न्यायालयांच्या बातम्या मराठीत वाचताना ‘जेनोसाइड’साठी हे तिन्ही शब्द दिसतात, कधी मथळ्यात एक आणि मजकुरात दुसरा. अर्थ एकच धरायचा का?

– नाही. नरसंहार म्हणजे पुष्कळ माणसं मारणं. कायदा इथे आकडा नाही, हेतू बघतो: राष्ट्रीय, वांशिक किंवा धार्मिक गट, तो गट म्हणूनच, पूर्ण वा अंशतः नष्ट करायचा हेतू. संयुक्त राष्ट्रांच्या १९४८च्या जेनोसाइडविरोधी करारातली हीच व्याख्या आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाच्या रोम संविधीत (त्या न्यायालयाच्या स्थापनेच्या करारात) आली. बोस्नियातल्या स्रेब्रेनिकात १९९५ साली सुमारे ८ हजार बोस्नियाक (बोस्नियातले मुस्लिम) पुरुष आणि मुलगे मारले गेले, तो वंशसंहार ठरला. कंबोडियात ख्मेर रूज या कम्युनिस्ट राजवटीच्या काळात पंधरा लाखांहून जास्त माणसं गेली. तरी तिथल्या विशेष न्यायालयाच्या २०१८च्या निकालात वंशसंहार ठरला तो चाम या अल्पसंख्य जमातीच्या मुस्लिम आणि व्हिएतनामी लोकांपुरताच. बहुसंख्य ख्मेरांचे बळी ‘मानवतेविरुद्धचे गुन्हे’ या सदरात मोडले. ऐकायला विचित्र वाटतं, पण मरणाऱ्यांचं दुःख कमी लेखलेलं नाही, कलम वेगळं आहे एवढंच.

– पण ‘वंश’ खटकतोच. एक तर ‘एथ्निक’ आणि ‘रेशियल’ दोन्हींना आपण वांशिक म्हणून मोकळे होतो. त्यात रवांडात १९९४ साली तुत्सींचा वंशसंहार झाला, पण तिथल्या हुतू-तुत्सींची भाषा एक, धर्मही बहुतांशी एक. मग गट वेगळा कसा? रवांडासाठी टांझानियातल्या अरुशात नेमलेल्या आंतरराष्ट्रीय न्यायाधिकरणानं अकायेसू या रवांडातल्या महापौरावरच्या खटल्यात (१९९८) ओळखपत्रंही विचारात घेतली. हुतू की तुत्सी, हे सरकारच त्यावर नोंदवत होतं.

– माझी हरकत ‘संहार’ला. करारातल्या पाच कृत्यांपैकी थेट हत्येचं एकच. गटातले जन्म रोखणं, मुलं बळजबरीनं दुसऱ्या गटाकडे देणं हेही त्यात येतं. तिथे आपला ‘निर्वंश’ जास्त जवळचा नाही का?

– अर्थानं जवळचा, पण तो शिव्याशापातला शब्द, तोही एका घराण्यापुरता. आरोपपत्रात कसा दिसेल? त्यापेक्षा वंशविच्छेद बरा. मी मात्र वंशसंहारच लिहितो, वाचकाच्या कानावरून गेलेला आहे.

– जाता जाता: ‘सर्बिया दोषी’ असले मथळे टाळा. २००७ साली आंतरराष्ट्रीय न्यायालयानं सर्बियावर स्रेब्रेनिकातला वंशसंहार न रोखल्याची जबाबदारी ठेवली. ते न्यायालय देशांमधले वाद ऐकतं. गुन्ह्यात दोषी ठरला तो माणूस, उदाहरणार्थ बोस्नियातल्या सर्बांचा सेनापती रात्को म्लादिच, २०१७ साली, आणि तेही वेगळ्या, युगोस्लाव्हियासाठीच्या न्यायाधिकरणापुढे. दोन्ही हेगमध्येच, म्हणून गल्लत होते.