शब्द सुचवा: 'नॅरेटिव्हियम' आणि 'नॅरेटिव्ह कॉजॅलिटी'

इंग्रजी विनोदी कादंबरीकार टेरी प्रॅचेटच्या डिस्कवर्ल्ड या काल्पनिक जगावर मराठीत लेख लिहितेय आणि दोन शब्दांपाशी गाडी अडलीय. त्या जगाचा एक नियम आहे: गोष्ट एकदा सुरू झाली की ती आपलं वळण घेतेच, मधल्या माणसांना काय हवंय याच्याशी तिला देणंघेणं नाही. थोरले भाऊ जिथे खपले तिथे राजाचा धाकटा तिसरा मुलगा निघाला की तो जिंकणारच. 'विचेस अब्रॉड' या कादंबरीत (1991) याला 'नॅरेटिव्ह कॉजॅलिटी' म्हटलंय. पुढे 1999 साली इयन स्टुअर्ट (गणिती) आणि जॅक कोहेन (जीवशास्त्रज्ञ) यांच्याबरोबर लिहिलेल्या 'द सायन्स ऑफ डिस्कवर्ल्ड'मध्ये हाच गुण चक्क मूलद्रव्य होतो, नॅरेटिव्हियम. मी 'कथाबल' आणि 'कथाकारणभाव' लिहून पाहिलंय. कसं वाटतं?

———

'बल' नको. शाळेपासून आपल्या डोक्यात बल, ऊर्जा, शक्ती यांचे कप्पे ठरलेले आहेत आणि नॅरेटिव्हियम यातलं काहीच नाही, तो पदार्थ आहे. गंमत त्या शेपटात आहे: सोडियम, रेडियम, हेलियम, तसं नॅरेटिव्हियम. सरळ 'कथियम' करा. वाचणारा हसला की शब्द जमला.

———

कथियमला अनुमोदन. नाहीतर खताच्या पोत्यावर नत्र, स्फुरद, पालाश असतंच, त्यात 'कथद' घालून टाका. एकरी किती टाकायचं ते कृषी सहायकाला विचारा. :)

———

मूलद्रव्य राहू द्या, नियमाचं बोला. आपल्याकडे यासाठी 'फलश्रुती' आहे की! आजकाल 'बैठकीची फलश्रुती काय' असं छापून येतं तो भाग वेगळा (माझ्या मते ते चूकच). मूळ अर्थ, स्तोत्र किंवा कथा ऐकल्या-म्हटल्याने काय मिळतं ते सांगणारा शेवटचा भाग. श्रावणातली आदित्यराणूबाईची कहाणी आठवा. राणी कहाणी ऐकायला उपाशी माणूस शोधते, मोळीविक्या भेटतो. ती मनोभावे सांगते, तो चित्तभावे ऐकतो, आणि त्याची लाकडाची मोळी सोन्याची होते. पुढे माळ्याच्या विहिरीला पाणी लागतं. म्हणजे कहाणीच्या पोटात कहाणी, आणि आतली कहाणी बाहेरचं जग बदलतेय. शिवाय प्रयोगाच्या अटीही दिल्यात: सांगणारा मनोभावे, ऐकणारा चित्तभावे. याहून शास्त्रशुद्ध काय हवं?

———

कहाणीचा दाखला फर्मास आहे, पण तो इथे लागू होत नाही. मोळीविक्या श्रोता आहे. गोष्ट त्याच्याविषयी नाही, ऐकल्याचं फळ म्हणून त्याला सोनं मिळतं. प्रॅचेटकडे ऐकणाऱ्याला काहीच मिळत नाही. गोष्ट आपल्याच पात्रांना फरफटत नेते. 'विचेस अब्रॉड'मध्येच लाल टोपीवाल्या मुलीच्या गोष्टीतला लांडगा आहे. गोष्टीला माणसासारखा वागणारा लांडगा हवा, म्हणून त्याच्या डोक्यात माणूसपण कोंबलंय. तो ना धड लांडगा राहिलाय ना माणूस, आणि शेवटी मरण मागतो. याला फळ कसं म्हणणार?

माझा शब्द 'कथान्याय'. आपल्याकडे काकतालीय न्याय आहेच, कावळा बसायला आणि फांदी मोडायला गाठ. तिथे म्हणायचं असतं की दोन्हींचा काही संबंध नाही, योगायोग आहे. डिस्कवर्ल्डमध्ये बरोबर उलटं: गोष्टीत कावळा बसला की फांदीला मोडावंच लागतं. 'कारणभाव' मात्र लंगडतो. कार्यकारणभावातलं 'कार्य' काढलं की उरलेला शब्द कुणी वापरत नाही.

———

कथान्याय वाचून लोकांना काव्यन्याय आठवेल. सज्जनाला बक्षीस, दुर्जनाला शिक्षा. लांडग्याने कुणाचं काय वाकडं केलं होतं?

———

आठवू दे. 'न्याय'चे हे दोन अर्थ, दाखल्याचा नियम आणि इन्साफ, मराठीत आधीपासून आहेत, सूचीकटाह न्याय (आधी सुई, मग कढई, म्हणजे सोपं काम आधी) म्हटल्यावर कुणी कोर्ट शोधत नाही. आणि त्या कादंबरीत तेच भांडण आहे. गोष्टी हाकणाऱ्या लिलिथला वाटतं, प्रत्येक गोष्टीचा शेवट गोड करणं म्हणजे लोकांचं भलं करणं. तिची चेटकीण बहीण ग्रॅनी वेदरवॅक्स तिला आडवी जाते, कारण त्या गोड शेवटासाठी माणसं वापरली जातायत. काव्यन्यायाची सावली पडली तर उत्तमच.

———

सगळ्यांचे आभार. मूलद्रव्याला कथियम, नियमाला कथान्याय. फलश्रुती वापरत नाही, पण कहाणीचा दाखला चोरतेय.

क्रियापदाचा प्रश्नही सुटला. प्रॅचेट म्हणतो, डोंगरावरून पाणी ठरल्या ओघळीनेच उतरतं तशा गोष्टी वाटा पाडतात, आणि दर खेपेला ओघळ खोल होते. आपण 'ते ओघाने आलंच' म्हणतोच, तर तिथे सगळीकडे 'ओघाने येणं' ठेवलंय. एका जागी मात्र ते चालेना. 'गार्ड्स! गार्ड्स!'मध्ये (1989) ड्रॅगनवर बाण सोडायचाय. त्या जगात दहा लाखांत एक अशी शक्यता दहात नऊ वेळा खरी ठरते, म्हणून पहारेकरी नेम मुद्दाम अवघड करत बसतात, आकडा बरोबर दहा लाखांवर यावा म्हणून. बाण हुकतो. तिथे 'ओघाने' म्हटलं तर सगळा हिशेबीपणाच जातो, तिथे 'कथान्यायाने'च.

आता फक्त लिंग सांगा. 'ते कथियम' धरलंय, सोडियमसारखं. कुणाची हरकत?