दहशतीच्या राज्यातले बळी: १७ हजार, ४० हजार की दोन लाख?

वाळूघड्याळ (मूळ प्रश्न)

एम.ए.च्या वर्गासाठी फ्रेंच राज्यक्रांतीतल्या दहशतीच्या राज्यावर (१७९३-९४) टिपण तयार करतोय आणि बळींच्या आकड्यांपाशी अडलोय. एका ठिकाणी १६,५९४, दुसरीकडे ३५ ते ४० हजार, आणि व्हाँदेचं बंड (पश्चिम फ्रान्समधला क्रांतिविरोधी उठाव) हिशेबात धरलं की आकडा थेट दोन लाखांच्या घरात जातो. या आकड्यांवर उभी केलेली मतंही एकमेकांच्या उलट आहेत. मातिए, सोबूल या इतिहासकारांच्या परंपरेत दहशत ही परकीय आक्रमण, यादवी आणि धान्यटंचाई यांनी लादलेली गोष्ट. इतिहासकार फ्युरे यांच्या मते तिचं बीज १७८९ च्या राजकारणातच होतं.

तर प्रश्न असे: हे आकडे नेमके कशाचे? मेलेल्यांत सरदार-उमराव थोडेच होते, म्हणून हा वर्गसंघर्ष नव्हता, हे म्हणणं टिकतं का? आणि परिस्थिती की विचारसरणी, या वादात आकडे काही निकाल देतात का?

दप्तरी

पहिल्या दोन प्रश्नांपुरतं लिहितो.

१६,५९४ हा आकडा इतिहासकार डोनाल्ड ग्रीअर यांनी १९३५ मध्ये मांडला. त्यात एकच गोष्ट मोजली आहे: क्रांतिकारी न्यायाधिकरणं, फौजदारी न्यायालयं आणि लष्करी आयोग यांनी दिलेल्या, आणि ज्यांचा कागद शिल्लक आहे अशा देहदंडाच्या शिक्षा. काळ साधारण मार्च १७९३ ते ऑगस्ट १७९४. पॅरिसच्या वाट्याला यातल्या २,६३९ येतात. म्हणजे ज्या शहराच्या नावानं ही सगळी गोष्ट सांगितली जाते, तिथं जेमतेम १६ टक्के.

या यादीत कोण नाही तेही वर्गात सांगा. निकालाशिवाय गोळ्या घातलेले नाहीत. नांतमध्ये लुआर नदीत होड्यांसकट बुडवलेले नाहीत. तुडुंब भरलेल्या तुरुंगांत तापानं मेलेले नाहीत. हे सगळे धरून ग्रीअर यांनी स्वतःच ३५ ते ४० हजारांचा अंदाज दिला. पहिला आकडा मोजणी आहे, दुसरा अंदाज आहे, आणि दोन्ही एकाच माणसाचे आहेत. त्यांच्यात भांडण नाहीच. भांडण लागतं ते दोन्ही एकाच तक्त्यात, एकाच मथळ्याखाली छापले की.

सप्टेंबर १७९२ ची तुरुंगांतली कत्तल (२ ते ६ सप्टेंबर, अकराशे ते चौदाशे बळी) यात येत नाही, कारण ती आधीची आहे आणि ती कुठल्या कायदेशीर न्यायालयानं केलेली नाही. त्या बळींतले बहुसंख्य साधे कैदी होते, चोर आणि खोटं चलन पाडणारे. राजकीय कैदी त्यांच्या निम्म्यानंही नव्हते. ‘धर्मगुरू आणि सरदारांची कत्तल’ एवढंच लिहिलेलं टिपण कृपा करून वापरू नका.

आता वर्गाचा प्रश्न. ज्यांचं सामाजिक स्थान कळतं अशा सुमारे १४ हजारांची ग्रीअर यांनी विभागणी केली: सरदार-उमराव साडेआठ टक्के, धर्मगुरू साडेसहा, वरचा आणि खालचा मध्यमवर्ग मिळून २५ च्या आसपास, कामगार-कारागीर ३१, शेतकरी २८. यावरून ‘८५ टक्के सामान्य माणसं मेली, मग वर्गसंघर्ष कसला’ असा निष्कर्ष सर्रास काढला जातो. त्यात दोन खोट आहेत.

एक, छेद कोणता धरायचा? फ्रान्सची लोकसंख्या तेव्हा सुमारे २ कोटी ८० लाख. सरदारवर्ग अगदी सढळ हातानं मोजला तरी तिच्या सव्वा टक्क्याच्या वर जात नाही, आणि धर्मगुरू अर्ध्या टक्क्याच्या आसपास. म्हणजे दोघांचाही बळींतला वाटा त्यांच्या संख्येच्या कितीतरी पट आहे. सामान्य माणसं जास्त मेली हे खरं, आणि सरदार असणं जास्त धोक्याचं होतं हेही खरं.

दोन, शिक्षेच्या कागदावर लिहिलेला धंदा. मॉरिस द्युप्ले हे उदाहरण घ्या. क्रांतीचे पुढारी रोबेस्पिएर या द्युप्ले यांच्याच घरी राहायचे. कागदोपत्री द्युप्ले सुतार. प्रत्यक्षात ते कारखानदार-ठेकेदार, हाताखाली कामगार, वर पॅरिसमधल्या घरांचं भाडं येणारं. याच धाग्यावरून इतिहासकार रिचर्ड अँड्र्यूज यांनी सोबूल यांच्या साँ-क्युलोत (पॅरिसमधले कष्टकरी क्रांतिकारक) वर्णनाला धक्का दिला: वस्तीसमित्यांवर ‘कारागीर’ म्हणून नोंदलेले अनेक जण मालक होते. ग्रीअर यांच्या ३१ टक्क्यांतही असे किती आहेत ते नुसत्या नोंदीवरून सांगता येत नाही. त्यामुळे तो रकाना वर्गाचा पुरावा म्हणून वापरताना फार जपून.

सह्यकडा

दप्तरी यांनी ‘किती’ आणि ‘कोण’ सांगितलं. तिसऱ्या प्रश्नाला त्याहून जास्त उपयोगी पडतं ते ‘कुठे’ आणि ‘कधी’.

निम्म्याहून जास्त शिक्षा पश्चिमेकडे, म्हणजे व्हाँदे आणि आसपास. सुमारे १९ टक्के आग्नेयेकडे, लियों, मार्से, तुलों या पट्ट्यात. सहा विभागांत (फ्रान्सचे जिल्ह्यासारखे प्रशासकीय भाग) एकही शिक्षा नाही, आणि आणखी ३१ विभागांत दहाच्या आत. जिथं हत्यारबंद बंड झालं तिथं शिक्षा झाल्या, असा नकाशा निघतो. ‘परिस्थिती’वाल्यांचा हा सगळ्यात भक्कम पुरावा. विचारसरणीच एकटी कारण असती तर एकाच कन्व्हेन्शनचे (तेव्हाची राष्ट्रीय प्रतिनिधिसभा) प्रतिनिधी गेलेल्या दोन शेजारच्या विभागांत एवढी तफावत का पडली, याचं उत्तर द्यावं लागतं.

कालक्रम पाहिला की मात्र त्याच बाजूची अडचण होते. शिक्षांचा कळस डिसेंबर १७९३ आणि जानेवारी १७९४ मध्ये, दोन्ही महिन्यांत तीन हजारांवर. आणि तोवर लियों पडलं होतं (९ ऑक्टोबर), तुलों परत घेतलं होतं आणि सावने इथं व्हाँदेच्या सैन्याचा चुराडा झाला होता (दोन्ही डिसेंबर). मग संकट टळल्यावर माणसं मारली, असं म्हणायचं?

इथं बरेच जण घसरतात. बंडखोर हातात आल्याशिवाय त्याच्यावर खटला चालत नाही. शहर पडतं, मग धरपकड होते, मग आयोग बसतो, मग शिक्षा होते. १९ मार्च १७९३ च्या हुकुमानं हत्यारासह पकडलेल्याची फक्त ओळख पटवून २४ तासांत शिक्षा उरकायची होती, पण त्यासाठीही आधी तो पकडला जायला हवा. म्हणून शिक्षांचा आलेख लढाईच्या आलेखामागून काही आठवड्यांनी चालणारच. लियोंमधले सुमारे १,९०० बळी शहर पडल्यानंतरचेच आहेत. आलेख काढताना दोन्ही एकाच तारखेवर ठेवले तर कोणताही निष्कर्ष फसवा निघेल.

या युक्तिवादाला मर्यादा आहे ती पॅरिसच्या उन्हाळ्याची. क्रांतीच्या पंचांगातल्या २२ प्रेरियालचा (१० जून १७९४) कायदा आल्यावर आरोपीचा वकील गेला, साक्षीदारांची सक्ती गेली, निकाल दोनच उरले: सुटका किंवा मृत्यू. त्याआधीच्या चौदा महिन्यांत पॅरिसच्या न्यायाधिकरणानं जवळपास साडेबाराशे लोकांना देहदंड दिला होता. नंतरच्या सात आठवड्यांत तेराशेहून जास्त. आणि मध्येच, २६ जूनला, फ्लेरुसची लढाई जिंकून उत्तर सीमा सुरक्षित झाली होती. फ्युरे यांची बाजू घेणारे हा पुरावा पुढे करतात ते योग्यच आहे. युद्धाच्या भीतीनं हे सात आठवडे पुरते उलगडत नाहीत.

पुरते नाहीत, पण ती वाढ निव्वळ वेडाचारही नव्हता. २७ जेर्मिनाल (१६ एप्रिल) आणि १९ फ्लोरेआल (८ मे) या हुकुमांनी कटाचे खटले पॅरिसकडे ओढले गेले आणि प्रांतांतली बहुतेक क्रांतिकारी न्यायालयं बंद झाली. ओरांजसारखे अपवाद राहिले, तिथं एकाच आयोगानं ३३२ देहदंड दिले. म्हणजे पॅरिसच्या वाढीतला एक भाग प्रांतांतून आलेल्या खटल्यांचा आहे. तो किती, हे आरोपींचं मूळ गाव पाहूनच ठरवावं लागतं. ते न करता नुसता मासिक आकडा वर्गात दाखवू नये.

राहता राहिले फ्युरे. त्यांचं मुख्य म्हणणं बळींच्या संख्येबद्दल नाहीच. जनतेची इच्छा एकच आणि अविभाज्य मानली की मतभेद करणारा आपोआप कटवाला ठरतो, आणि ही बोली १७८९ पासून आहे, असा त्यांचा मुद्दा. आकड्यांनी तो पडत नाही आणि सिद्धही होत नाही. तो तपासायचा तर त्या वर्षांत लोक काय लिहीत-बोलत होते ते पाहावं लागतं. ते काम इतिहासकार टिमोथी टॅकेट यांनी केलं. त्यांनी प्रतिनिधींची घरी पाठवलेली पत्रं वाचली. १७८९ मध्ये बहुतेकांची भाषा व्यवहारी, सुधारणेची, राजावर विश्वास असलेली. कटाची भीती सर्वव्यापी होते ती जून १७९१ मध्ये राजा पळून जाताना व्हारेनला पकडला गेल्यावर. माझ्या मते या वादात गेल्या काही दशकांत पडलेली सगळ्यात मोलाची भर हीच. पत्रावर तारीख असते, त्यामुळे ‘बीज आधीपासून होतं’ हे विधान वर्षावर्षानं तपासता येतं.

निळावंती

व्हाँदेबद्दल, कारण सगळ्यात मोठी गल्लत तिथेच होते.

इतिहासकार रेनाल्ड सेशे यांनी १९८६ मध्ये बंडखोर प्रदेशातल्या गावांच्या जन्मनोंदींवरून आधीची आणि नंतरची लोकसंख्या ताडून पाहिली. सुमारे ८ लाख १५ हजारांतले १ लाख १७ हजार कमी झाले, असे त्यांचे गणित. पुढच्या अभ्यासांत हा आकडा १ लाख ७० हजारांपर्यंत गेला. दोन लाख आणि त्यावरच्या आकड्यांत बहुधा प्रजासत्ताकाचे मेलेले सैनिकही धरलेले असतात.

हे आकडे ग्रीअर यांच्या आकड्यांत मिळवायचे नाहीत. ही लोकसंख्येतली तूट आहे. तिच्यात लढाईत पडलेले, हगवणीने आणि तापाने मेलेले, मारलेले, आणि गाव सोडून परत न आलेले असे सगळे एकत्र आहेत. बऱ्याच गावांची दप्तरे जळाली, तिथे शेजारच्या गावांवरून अंदाज करावा लागतो. शिवाय न्यायालयाने शिक्षा दिलेला व्हाँदेचा माणूस दोन्हीकडे मोजला जातो.

सेशे यांनी याला वंशसंहार म्हटले. इतिहासकार झाँ-क्लेमाँ मार्तँ यांना ते मान्य नाही, आणि त्यांची कारणे भावनेची नाहीत, कारभाराची आहेत. १ ऑगस्ट १७९३ च्या हुकुमात जंगले जाळा, पिके कापून न्या असे आहे. पण त्याच हुकुमात बायका, मुले आणि म्हातारे यांना आतल्या प्रदेशात नेऊन त्यांच्या अन्नाची सोय करा असेही कलम आहे. जानेवारी १७९४ मध्ये सेनापती त्युरो याने आपल्या तुकड्या सोडताना बायकामुलांचे काय करायचे हे लोकसुरक्षा समितीला (कन्व्हेन्शनची कारभार पाहणारी समिती) लिहून विचारले. समितीने त्याला थांबवले नाही. मे महिन्यापर्यंत त्या तुकड्यांनी गावेच्या गावे मारली, काही ठिकाणी प्रजासत्ताकाला निष्ठावंत असलेलीसुद्धा. मार्तँ यांना यात दिसते ते एकमेकांवर कुरघोडी करणारी मंत्रालये, सेनापती आणि प्रतिनिधी, शिस्त नसलेले सैन्य आणि जबाबदारी टाळणारी समिती. बंडखोरांवर मारलेला ‘लुटारू’ हा शिक्का राजकीय होता, वंशाचा नव्हता.

मला मार्तँ यांचे विश्लेषण जास्त पटते. पण त्याचा वापर करून समितीला मोकळे सोडणे चूक आहे. तिला विचारले होते, आणि तिने होऊ दिले.

वाळूघड्याळ

तिघांचेही आभार, टिपणाचा अर्धा भाग नव्यानं लिहावा लागणार आहे. दोन शंका राहिल्या. ‘५ सप्टेंबर १७९३ रोजी कन्व्हेन्शननं दहशत लागू केली’ असं जवळपास सगळीकडे लिहिलंय. ते बरोबर का? आणि क्रांतीच्या पंचांगातल्या तारखा दोन पुस्तकांत एका दिवसानं वेगळ्या का येतात?

दप्तरी

५ सप्टेंबरला शिष्टमंडळानं तशी मागणी केली आणि लोकसुरक्षा समितीचे सदस्य बारेर यांनी भाषणात ती उचलून धरली, हे खरं. पण तसा ठराव मंजूर झालेला नाही. त्या दिवशी प्रत्यक्ष मंजूर झालं ते वेगळं: क्रांतिकारी सेनेची उभारणी, न्यायाधिकरणाची शाखांत वाटणी. १७ सप्टेंबरला संशयितांचा कायदा आला. दहशत म्हणजे एक आखीव राज्यपद्धती, हे चित्र रेखलं कन्व्हेन्शनचे सदस्य ताल्याँ यांनी, २८ ऑगस्ट १७९४ च्या भाषणात, रोबेस्पिएर यांना मारून महिना झाल्यावर. ताल्याँ स्वतः बोर्दोमध्ये प्रतिनिधी म्हणून कठोर कारभार करून आलेले. सगळं पाप एका मेलेल्या माणसाच्या ‘पद्धती’वर टाकणं त्यांच्या सोयीचं होतं. टिपणात ५ सप्टेंबरच्या जागी त्या महिन्यातले हुकूम एकेक करून द्या.

तारखांचं असं: वर्ष २ सुरू होतं २२ सप्टेंबर १७९३ ला. महिने ३० दिवसांचे, शेवटी पाच जादा दिवस. प्रेरियाल २० मे १७९४ ला लागतो, म्हणून २२ प्रेरियाल म्हणजे १० जून. मोजताना पहिला दिवस धरायचा राहिला की ११ जून येतो, नेहमीची चूक हीच. वर्ष ३ ला सहा जादा दिवस होते, म्हणून वर्ष ४ सुरू होतं २३ सप्टेंबर १७९५ ला. वर्ष २ चा तक्ता तसाच पुढे ओढला तर तिथून सगळं एका दिवसानं चुकतं.

सह्यकडा

एक भर. पॅरिस कम्यूनचे (क्रांतिकाळातला शहराचा कारभार) बरेच मूळ कागद आणि शहराच्या जन्ममृत्यूच्या नोंदवह्या मे १८७१ च्या आगीत गेल्या. इतिहासकार मिशले यांनी कम्यूनची दप्तरं त्याआधी पाहिली होती. त्यामुळे पॅरिसच्या वस्त्यांबद्दल एखादं विधान फक्त मिशले यांच्याकडेच सापडत असेल तर ते लगेच खोडू नका, पण टिपणात ‘मिशले यांच्या साक्षीवरून’ असं स्पष्ट लिहा. न्यायाधिकरणाचे खटले मात्र राष्ट्रीय अभिलेखागारात शाबूत आहेत, डब्ल्यू मालिकेत. आरोपीचं गाव आणि धंदा तिथूनच घ्यावा, छापील याद्यांत नावं आणि धंदे पुष्कळदा बिघडलेले असतात.