मेणाचा वाटा कोण ठरवणार?

तुमच्या कथेत एक जीव यजमानाच्या अंगात राहतो, आणि अशा सहजीवी, म्हणजे एकमेकांच्या आधाराने जगणाऱ्या, जोडीदारांचा एक कल्पित संघ आहे. त्या संघाची नियमावली वाचली. ‘दोघांची संमती’ हे पहिलं कलम छान आहे, पण माझ्या मते खरा पेच मिळकतीतल्या वाट्याचा आहे.

मोझांबिकच्या उत्तर भागात, नियासात, याओ लोक हनीगाइड नावाच्या रानपक्ष्याबरोबर मध शोधतात. माणूस ‘ब्र्र्र-हम्’ अशी हाक घालतो, पक्षी किलबिलत झाडावरून झाडावर जात पोळं दाखवतो. माणूस धूर करून, कुऱ्हाडीने खोड फोडून मध काढतो. पक्ष्याला खायला हवं असतं मेण. २०१६ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात या हाकेने पोळं सापडण्याची शक्यता १६ टक्क्यांवरून ५४ टक्क्यांवर गेली होती.

याओ मंडळी पक्ष्यासाठी मेण हिरव्या पानांवर मांडून ठेवतात. टांझानियातले हाड्झा मात्र बरेचदा ते जाळतात किंवा पुरतात, म्हणजे पक्षी भुकेला राहील आणि पुढचंही पोळं दाखवेल. पक्षी तोच, काम तेच. हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा पोटात तुटलं होतं. अर्थात हाड्झांचंही पोट काही अंशी त्याच मधावर चालतं, त्यामुळे त्यांना नावं ठेवणं मला पटत नाही.

तुमच्या संघात असा तंटा आला तर तक्रार मांडणार कोण? मुक्या जोडीदाराच्या बाजूने बोलणारा वेगळा सभासद नेमा, आणि वाटा कामाला लागण्याआधीच ठरू द्या. हनीगाइड निदान उडून तरी जाऊ शकतो. तुमच्या कथेतला जीव यजमानाच्या अंगातच राहतो, तो कुठे जाणार?