रसमिती: चवीतून दुसऱ्या मितीत जायचं शास्त्र, नियम पटतात का सांगा

जांबोटीकडचा
नमस्कार मंडळी, आमच्या वाचनालयाच्या दिवाळी अंकासाठी विज्ञानकथा लिवालोय. जागा बेळगावजवळच्या जांबोटीच्या पुढची, धो धो पाऊस, घरात आज्जी आणि नात दोघीच. कथेसाठी मी एक शास्त्र रचलंय, रसमिती म्हणून. षड्रस म्हणजे सहा दारं, एकेका चवीनं एकेका मितीत जायचं. गोडाला बेळगावचा कुंदा, आंबटाला आमसूल, खारटाला मीठ, कडूला कारलं, तुरटाला आवळा आणि तिखटाला संकेश्वरी मिरची. इथपर्यंत बरं जमलं, पण पुढं अडलोय. कुंदा खाल्ला की दार उघडत असेल तर रोज खाणारी माणसं इथंच कशी काय राहतात? काहीतरी अट पाहिजे, आणि मला मंत्रबिंत्र नको, वाचणाऱ्याला शास्त्र वाटलं पाहिजे. जीवशास्त्र, फिजिक्सवाले कोण असतील तर जरा मनावर घ्या की.

टिळकवाडीची_बाई
बारावीला बायोलॉजी शिकवते म्हणून लिहिते. पहिलं म्हणजे मिरची काढा. तिखट ही चव नव्हेच, ती आग आहे. मिरचीतलं कॅप्सेसिन ज्या रिसेप्टरला, म्हणजे पेशीवरच्या संवेदना टिपणाऱ्या रेणूला, धरतं तो उष्णतेचा आणि वेदनेचा, टीआरपीव्ही१ म्हणतात त्याला, डेव्हिड ज्युलियस यांच्या टीमनं १९९७ मध्ये शोधला आणि २०२१ चं नोबेल त्यांना आर्डेम पॅटापूशियन यांच्यासोबत मिळालं. मिरच्या चिरल्या की हात चुरचुरतात ना, हाताला काय चव कळते काय? तुरटही बहुतेक जण स्पर्शातच धरतात, तोंड आवळल्यासारखं होतं ते. जिभेच्या चवी पाच: गोड, आंबट, खारट, कडू आणि उमामी, म्हणजे मटणाच्या रश्शासारखी भरीव चव. ही पाचवी किकुनाए इकेदा या जपानी रसायनशास्त्रज्ञानं १९०८ मध्ये समुद्री शेवाळाच्या सारातून दाखवली, आपल्याकडं सुकटीच्या आमटीत, पिकलेल्या टोमॅटोत सापडते.

आता तुमची अट. घास तोंडात नुसता धरून ठेवला की थोड्या वेळानं चव फिकी पडते, जीभ सरावते. दार तेवढाच वेळ उघडं ठेवा. म्हणजे चव नुसती असून भागत नाही, ती बदलत असताना माणूस पलीकडं जातो. खाऊन गप्पा मारत बसलेल्याला काहीच होणार नाही.

निपाणीकर_७७
ताईंचं बरोबर असेल, पण दादा तुम्ही सहाचा आकडा सोडू नका, पाया पडतो. फिजिक्समधल्या सुपरस्ट्रिंग सिद्धांताला एकूण दहा मिती लागतात, आपल्या स्थळाच्या तीन आणि काळाची एक गेली की उरतात किती? सहाच! आणि जादाच्या मिती दिसत नाहीत त्याचं उत्तर जुनंच आहे, कालुझा या गणितज्ञानं १९२१ मध्ये पाचवी मिती मांडली आणि १९२६ मध्ये क्लाइन या भौतिकशास्त्रज्ञानं सांगितलं की ती अतिशय बारीक वेटोळं होऊन बसलीय, आणि प्रत्येक बिंदूला आहे. म्हणजे तुमचं दार चोर्ल्याच्या घाटात कुठल्या गुहेत शोधायची गरजच नाही, ते जिभेवरच आहे.

मग पाच चवी आणि सहा मिती असा हिशेब राहू दे. एक मिती अशी, जिची चव माणसाच्या जिभेला नाहीच. कथा तिथं आहे बघा.

जांबोटीकडचा
अंगावर काटा आला राव. पण बाई, चवी पाचच धरल्या तर कुंदा आणि गोकाकचा करदंट दोन्ही गोडच की, मग दोघांनी एकाच ठिकाणी जायचं का?

टिळकवाडीची_बाई
नाक घट्ट दाबून कुंद्याचा तुकडा तोंडात घ्या. गोड कळेल, खव्याचा मऊ रवाळपणा कळेल, बस्स. मग चघळता चघळता नाक सोडा, खवा तांबूस होईपर्यंत परतलेला असतो त्याचा खरपूस वास घशाच्या मागनं वर चढतो आणि तेव्हा तो कुंदा होतो. करदंटाचा डिंक आणि गूळही तसाच नाकातनं ओळखू येतो. म्हणून नियम असा करा, दार जीभ उघडते, कुठं उतरायचं ते नाक ठरवतं. सर्दी झालेल्यानं अजिबात निघू नये.

अनगोळचा_पोरगा
परतीचं काय? मी एक सुचवतो. चवीच्या पेशी साधारण दहा-पंधरा दिवसांत मरतात आणि नव्या येतात. ज्या पेशींनी दार उघडलं त्या संपायच्या आत परत यायचं, नाहीतर जीभ तिकडची झाली.

टिळकवाडीची_बाई
नव्या पेशीतही जीन्स तीच असतात, रिसेप्टर तेच.

अनगोळचा_पोरगा
रिसेप्टर तेच, पण बाई, नवी पेशी तिकडच्या अन्नपाण्यावर वाढली ना. जोडणी त्या मितीशी झाली असं रसमितीपुरतं धरू या, एवढी मुभा लेखकाला द्या. आणि सगळ्या पेशी एकाच दिवशी मरत नाहीत, रोज थोड्या थोड्या जातात, म्हणजे परतीची वाट रोज थोडी अरुंद होत जाणार. मला तरी हे फार भारी वाटतंय.

टिळकवाडीची_बाई
हे मान्य. मग मुद्दाम वाट बंद करणारी गोष्टही असू दे, गुडमार नावाच्या वेलीचा पाला. तो चावून साखर तोंडात टाकली तर वाळू चावल्यासारखी लागते, गोड जवळजवळ कळतच नाही, हळूहळू परत येतं. आज्जीच्या बटव्यात ठेवा.

जांबोटीकडचा
ठेवला. शेवटचं एकच, जाणार कोण, आज्जी की नात? दोघी गेल्या तर मागं थांबायला कोण नाही.

निपाणीकर_७७
नात जाऊ दे. १९३१ मध्ये आर्थर फॉक्स नावाच्या रसायनशास्त्रज्ञाच्या लॅबमध्ये पीटीसी नावाच्या रसायनाची पूड उडाली, शेजारच्याला कडूजहर लागली आणि याला काहीच नाही, पुढं कळलं की हा फरक बराचसा आईबापाकडनं येतो. म्हणजे कडूचं दार ठरावीक घरांतच उघडतं. आज्जीच्या घरात ते आहे, ती तरुणपणी जाऊन आलीय, पण वय झालं की चव मंदावते. आता कारलं तिला पहिल्यासारखं कडू लागत नाही. वाट तिला सगळी पाठ आहे आणि जाता येत नाही, म्हणून ती नातीला शिकवते, कुठला घास किती वेळ तोंडात धरायचा ते. अर्धी कथा या शिकवण्यातच घालवा दादा, घाई करू नका.

जांबोटीकडचा
बस्स, ठरलं. पहिला भाग टाइप करून इथंच टाकतो, बाई तुम्ही तेवढं शास्त्र तपासा.