पंचगंगेसाठी भांडणाऱ्या ताई अपक्ष लोकसभेला: मत द्यायचं का?

घाटकर
दर रविवारी कोल्हापूरच्या पंचगंगा घाटावर केंदाळ काढणाऱ्या, नाल्याचं पाणी बाटलीत भरून अधिकाऱ्यांच्या टेबलावर नेऊन ठेवणाऱ्या आमच्या ताई अपक्ष खासदारकीला उभ्या राहणार आहेत. मी त्यांच्या बाजूनं आहे, हे आधीच सांगतो. प्रयाग चिखलीच्या संगमावरचं पाणी आणि जयंती नाला मिसळल्यानंतरचं पाणी, दोन्ही मी ओंजळीत घेऊन बघितलंय. उन्हाळ्यात मेलेले मासे तरंगायला लागले की पाहणी होते, पंचनामा होतो, आणि वळवाचा पाऊस आला की सगळं वाहून जातं. प्रचारात नदीवर पाच मिनिटं बोलणारा उमेदवार मला अजून दिसलेला नाही. तुम्हाला काय वाटतं?

पेठेतला
ताईंबद्दल आदर आहे, खरं लोकसभा कशाला? नाला महापालिकेचा. कारखान्यांवर कारवाई करायची प्रदूषण नियंत्रण मंडळानं, ते राज्याचं. पाणी हा विषयच घटनेत राज्यांच्या यादीत आहे. महापालिकेला उभ्या राहू देत, आमची अख्खी तालीम घरोघरी फिरेल.

घाटकर
नाल्याचं मान्य. आता पुराचं बघा. राजाराम बंधाऱ्यावर धोक्याची पातळी ४३ फूट. २०१९ ला पाणी ५५ फुटांच्या वर गेलं, २०२१ ला ५६ च्या. खाली कर्नाटकात कृष्णेवर असलेल्या अलमट्टी धरणाची उंची वाढवायची का, विसर्ग कधी सोडायचा, यावर महापालिका भांडणार काय? आंतरराज्य नद्या केंद्राच्या यादीत आहेत. पश्चिम घाटातली पर्यावरणाच्या दृष्टीनं संवेदनशील गावं ठरवणारा मसुदाही दिल्लीतूनच निघतो.

इचलकरंजीकर
मी कापडाच्या प्रोसेसमध्ये कामाला आहे. २०१२ ची काविळीची साथ आमच्या गल्लीनं भोगली, त्यामुळं नदीचं दुखणं मला कुणी शिकवू नये. खरं प्रत्येक आंदोलनाची मागणी शेवटी "कुलूप लावा" इथंच येते. कुलूप लागलं की मालक दुसरा धंदा बघतो, माझा पगार थांबतो. सांडपाणी शुद्ध करायचा खर्च कुणी उचलायचा, हे ताई बोलल्या तर मी ऐकीन.

शिरोळकर
माझी अडचण वेगळीच. कोल्हापूरचं आणि इचलकरंजीचं सगळं पाणी आमच्या शिवारातनं नृसिंहवाडीला कृष्णेत जातं. खरं शिरोळ आणि इचलकरंजी हातकणंगले मतदारसंघात. ताई कोल्हापुरातनं उभ्या राहिल्या तर ज्याच्या दारात घाण येते त्याला मतच देता येत नाही.

जुना कार्यकर्ता
शिरोळकरांनी नेमकं बोट ठेवलं. आता दुसरी बाजू. कोल्हापूर मतदारसंघात चंदगड आहे, गडहिंग्लज आहे. त्यांच्या नद्या हिरण्यकेशी, घटप्रभा, ताम्रपर्णी. पंचगंगेसाठी त्यांनी का मत द्यावं?
२००९ ला सदाशिवराव मंडलिक अपक्ष निवडून आले, हे कुणीतरी म्हणणारच. ते त्याआधी तीनदा खासदार होते, गावोगाव त्यांचा गट होता. ताईंकडं बूथवर बसायला माणसं किती? अनामत २५ हजार, सहाव्या हिश्श्याहून जास्त मतं नाही पडली तर जप्त. पैशाचं दुःख नाही हो. निकालाच्या दुसऱ्या दिवशी तोच आकडा दाखवून म्हणतील, लोकांना नदीचं काही पडलेलं नाही. वीस वर्षांच्या आंदोलनाला एका दिवसात किंमत लावून बसाल.

पेठेतला
आणि समजा निवडून आल्या, तर जातील की एखाद्या पक्षात.

घाटकर
तसं नाही करता येत. अपक्ष निवडून येऊन पक्षात गेलं तर पक्षांतरबंदीखाली खासदारकी जाते. हां, सभागृहात बोलायला वेळ पक्षाच्या संख्याबळावर मिळतो, अपक्षाच्या वाट्याला थोडाच येतो, हे खरंय.
काका, तुमच्या आकड्याच्या मुद्द्यावर माझ्याकडं उत्तर नाही. काल ताईंना वाचून दाखवला. त्या बराच वेळ गप्प बसल्या. मग म्हणाल्या, आधी हिरण्यकेशी बघून येऊ, अर्ज भरायचा का ते मग ठरवू. येत्या रविवारी घाटावरचं काम आटोपून गडहिंग्लजला जातोय. तिकडचं कुणी इथं असेल तर सांगा, नदीकाठच्या कुठल्या गावात आधी जावं?

इचलकरंजीकर
गाडीत जागा असेल तर मी येतो. माझी रविवारची सुट्टी आहे.